उन्हावर जगणारा पाहुणा

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. पावसाळा नुकताच लागला होता. आमच्या धर्मग्रामातील एका कुटुंबाने रविवारी दुपारी आम्हांस जेवावयास बोलाविले होते. जेवणे आटोपल्यावर सर्वजण ओटीवर येऊन बसलो, तेव्हा टीव्हीवर 'कोई... मिल गया' हा हिंदी चित्रपट चालू होता. घरातील थोरला मुलगा संचासमोर मांडी घालून एकाग्रतेने तो पाहत होता. वयाने तो एकोणीस वर्षांचा. बुद्धीची वाढ मात्र सातव्या-आठव्या वर्षापाशीच थांबलेली. हा चित्रपट त्याने यापूर्वी किती वेळा पाहिला असेल याची गणती नाही, असे त्याचे वडील म्हणाले. पडद्यावर नायकाचा चश्मा गळून पडला, फळ्यावरील गणिते त्यास पटापट सुटू लागली, आणि त्या मुलाची आई पदराने हात पुसत आम्हांस हळूच म्हणाली, ''फादर, आमच्याकडे असा कोणी येईल का हो?''

आम्ही काहीतरी उत्तर दिले. देवाची इच्छा, श्रद्धा, सहनशीलता असे शब्द त्यात होते. ती माउली 'हो फादर' म्हणाली आणि आत निघून गेली. आमचे उत्तर तिला पुरले नाही हे आम्हांस कळले, आणि आम्हांसही ते पुरले नाही. प्रस्तुत लेख हा त्या प्रश्नाकडे परत जाण्याचा प्रयत्न आहे. एखाद्या कलाकृतीचे परीक्षण करताना ती कोणाच्या घरात, कोणाच्या डोळ्यांसमोर चालू आहे याचाही विचार करावा लागतो, असे आमचे मत आहे.

'कोई... मिल गया' हा राकेश रोशन यांनी दिग्दर्शित केलेला चित्रपट ८ ऑगस्ट २००३ रोजी प्रदर्शित झाला. त्यास फिल्मफेअरचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला, आणि वीस वर्षे पूर्ण झाल्याच्या निमित्ताने २०२३ साली तो पुन्हा चित्रपटगृहांत दाखविण्यात आला. कथा बहुतेक वाचकांस ठाऊक असेल. एक शास्त्रज्ञ ओंकाराच्या ध्वनीचे संकेत संगणकाद्वारे अंतराळात पाठवितो. त्याची थट्टा होते, आणि परतीच्या वाटेवर आकाशातील यान पाहताना झालेल्या अपघातात तो मरण पावतो. त्याची गरोदर पत्नी वाचते. परंतु त्या आघाताने गर्भातील मुलाच्या मेंदूस इजा होते. हा मुलगा रोहित. तरुण झाला तरी तो सातवीच्या वर्गात लहान मुलांबरोबर बसतो. पुढे वडिलांच्या जुन्या संगणकावरून नकळत संकेत जातात, यान उतरते आणि त्यातील एक जीव पृथ्वीवर मागे राहतो. मुले त्याचे नाव ठेवतात 'जादू'. जादूची सारी शक्ती सूर्यप्रकाशातून येते. तो रोहितशी मैत्री जोडतो आणि त्याच्या दुबळ्या देहात व बुद्धीत आपले सामर्थ्य ओततो.

प्रकाशावर जगणारा आणि दुसऱ्या सजीवाशी जिवाचे नाते जोडणारा प्राणी, ही कल्पना वरवर पाहता निव्वळ अद्भुत वाटते. परंतु सृष्टिकर्त्याने ती फार पूर्वीच प्रत्यक्षात आणली आहे. आपल्या माताभगिनी मसाल्यात जे दगडफूल घालतात, ते एक झाड नव्हे. ते दोन जिवांचे एकत्र बिऱ्हाड आहे. बुरशी आसरा देते, ओलावा धरून ठेवते. तिच्या आत राहणारे शेवाळ उन्हातून अन्न तयार करते. सायमन श्वेंडेनर या स्विस वनस्पतिशास्त्रज्ञाने १८६७ साली हे मांडले, तेव्हा त्या विषयातील पुष्कळ जाणकारांनी त्याची टवाळी केली होती. आपल्या मालवणच्या समुद्रातील प्रवाळांचेही तसेच आहे. त्यांच्या देहपेशींत सूक्ष्म शैवाल वस्तीस असते. ते उन्हावर अन्न शिजविते आणि त्यातील मोठा वाटा यजमानास देते. पाणी फाजील तापले की हे नाते तुटते, शैवाल बाहेर पडते, प्रवाळ पांढरेफटक होते आणि तापमान लवकर उतरले नाही तर उपाशी मरते. उत्तर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर एक हिरवी समुद्रगोगलगाय आढळते. ती शेवाळ शोषून घेते, परंतु त्यातील हरितलवके पचवून टाकीत नाही. ती स्वतःच्या देहात सांभाळून ठेवते आणि मग उजेड मिळाला तर कित्येक महिने अन्नावाचून राहू शकते.

या साऱ्या उदाहरणांत दोन गोष्टी समान आहेत. पहिली अशी की उजेड हे श्रीमंतीचे अन्न नव्हे. ते थोडे थोडे मिळते. म्हणून झाड असंख्य पाने पसरून एका जागी उभे राहते, आणि दगडफूल तर वर्षाकाठी जेमतेम नखाएवढे वाढते. दुसरी अशी की येथे एकतर्फी दाता कोणीच नाही. शैवालावाचून प्रवाळ उपाशी राहते, तर प्रवाळावाचून शैवालास हक्काचा आसरा मिळत नाही. दोघेही गरजू आहेत, म्हणूनच त्यांचे नाते नाते आहे.

आता चित्रपटातील जादूकडे वळू. या प्राण्याच्या कल्पनेत जे खरोखर सुंदर आहे, ते आम्ही प्रथम नमूद करू इच्छितो. जादूचे सामर्थ्य त्याचे स्वतःचे नाही. आभाळ भरून आले की तो दुबळा होतो. उन्हासाठी तो व्याकूळ होतो आणि ऊन मिळताच पुन्हा तजेलदार होतो. आपल्याकडील चित्रपटांत सामर्थ्यवान पुरुष पुष्कळ झाले. परंतु ज्याचे सामर्थ्य दर दिवशी नव्याने मागून घ्यावे लागते, असे पात्र विरळा. ख्रिस्तसभेच्या प्राचीन आचार्यांनी, संत अॅम्ब्रोज यांनी व इतरांनीही, ख्रिस्तसभेस चंद्राची उपमा दिली होती. चंद्रास स्वतःचा प्रकाश नाही. मिळालेलाच तो परत देतो. जादूच्या निळसर, बुटक्या देहात त्या उपमेची एक बालसुलभ छाया आम्हांस दिसली. सामर्थ्य हे मिळालेले असते, कमावलेले नसते, हा धडा तो एकही उपदेश न करता शिकवितो.

जादूची वंशावळही लक्षात घेतली पाहिजे. सत्यजित राय यांनी १९६२ साली 'संदेश' या मुलांच्या मासिकात 'बंकुबाबूर बंधू' ही कथा लिहिली. एका गरीब, सर्वांच्या चेष्टेचा विषय झालेल्या शिक्षकास परग्रहावरील प्राणी भेटतो. तो त्या शिक्षकास बुद्धी देत नाही की बळ देत नाही. केवळ त्याच्याशी आदराने बोलतो. तेवढ्याने त्या शिक्षकाचा कणा ताठ होतो. पुढे १९६७ साली राय यांनी 'द एलियन' ही पटकथा लिहिली. तो चित्रपट कधीच निघाला नाही. स्टीव्हन स्पीलबर्ग यांचा 'ई.टी.' १९८२ साली आला. त्यातील बालक आणि पाहुणा यांचे नाते इतके घट्ट की एक आजारी पडला म्हणजे दुसराही पडतो. ते नाते प्रवाळाच्या जातीचे आहे: देणेही दोघांचे आणि दुखणेही दोघांचे. या पूर्वजांच्या पंक्तीत बसविल्यावर 'कोई... मिल गया'चे वेगळेपण स्पष्ट होते, आणि त्याचे न्यूनही.

ते न्यून असे. रोहितला जे मिळते ते सारे जिंकण्यासाठी उपयोगी पडते. संगणकाच्या तासाला शिक्षकाने त्याचा पाणउतारा करून त्यास बाहेर काढलेले असते. बुद्धी आल्यावर तो त्याच शिक्षकासमोर हुशारी गाजवितो. ज्या दांडग्या तरुणांनी त्यास छळलेले असते, त्यांना तो बास्केटबॉलच्या मैदानात नमवितो. तो सामना पाहताना प्रेक्षागृहात टाळ्या पडतात. आमच्या यजमानांच्या ओटीवरही पडल्या. परंतु टाळ्या ओसरल्यावर एक प्रश्न उरतो. त्या शिक्षकाची चूक काय होती? रोहित हुशार होणार हे त्यास ओळखता आले नाही, ही त्याची चूक होती काय? की हुशार नसलेल्या मुलाचाही मान राखावा लागतो, हे त्यास कळले नाही, ही चूक होती? चित्रपट पहिले उत्तर देतो. त्यामुळे शिक्षकाचा पराभव होतो, पण त्याचा न्याय मात्र खरा ठरतो. बुद्धी असेल त्यासच किंमत, हे तो म्हणत होता; चित्रपटही अखेर तेच म्हणतो.

याचा पुरावा शेवटच्या भागात आहे. जादू आपल्या लोकांकडे परत जातो आणि त्याच्याबरोबर रोहितची शक्तीही जाते. तो पूर्वीसारखा होतो. त्याची आई व त्याची मैत्रीण त्यास अंतर देत नाहीत. आमच्या मते संपूर्ण चित्रपटातील सर्वांत खरा क्षण हाच आहे. ऊन गेले, पाहुणा गेला, मिळालेले सारे गेले. उरले ते केवळ प्रेम. येथे चित्रपट थांबला असता तर त्याने आपल्या देशातील हजारो मातांना काहीतरी दिले असते. परंतु निर्मात्यांस हा क्षण सोसवत नाही. दांडगे तरुण पुन्हा चेंडू घेऊन त्याची थट्टा करू लागतात आणि दूर गेलेला जादू त्याची शक्ती कायमची परत करतो. जे रोज नव्याने मिळणारे ऊन होते, ते आता रोहितच्या मालकीचे होते. ढगांची अट रद्द होते. आणि त्या क्षणी जादूचे सौंदर्यही संपते, कारण तो प्रकाशावर जगणारा गरजू जीव राहत नाही. इच्छा पुरविणारा दिवा होतो.

येथे एक आक्षेप येईल, आणि तो आम्ही स्वतःच स्वतःवर घेतला आहे. ही तर मुलांची परीकथा. तिला एवढे कठोर माप का लावावे? आणि त्याहून मोठा आक्षेप असा: शुभवर्तमाने बरे होण्याच्या घटनांनी भरलेली आहेत. आंधळ्यांस दृष्टी मिळते, लंगडे चालू लागतात. दर वर्षी आम्हीच वेदीवरून त्या घटना वाचून दाखवितो. मग रोहित बरा झाला तर धर्मगुरूने नाक का मुरडावे?

आक्षेप योग्य आहे. बरे होण्याची इच्छा ही पवित्र इच्छा आहे, आणि त्या माउलीने ती बोलून दाखविली यात काहीच गैर नव्हते. परंतु संत योहानाच्या शुभवर्तमानातील जन्मांधाची कथा पुन्हा वाचावी. शिष्य विचारतात की पाप कोणी केले, याने की याच्या आईबापांनी? प्रभू येशू हा प्रश्नच बाजूस सारतो. माणूस बरा होण्यापूर्वीच त्याच्यावरील ठपका पुसला जातो. प्रथम सन्मान, मग दृष्टी; हा क्रम महत्त्वाचा आहे. शिवाय दृष्टी मिळाल्यावर तो जन्मांध कोणास हरवीत नाही. उलट सभास्थानातून त्यालाच बाहेर काढले जाते. संत पौलाने आपल्या देहातील काटा निघावा म्हणून तीनदा विनविले. तो काटा काही निघाला नाही, आणि तरीही तो त्यागलेला नव्हता. शुभवर्तमानात आरोग्य हे प्रेमाचे चिन्ह आहे. प्रेमाची अट नव्हे. चित्रपटाने ही दोन टोके उलटी बांधली आहेत.

तुलनेसाठी दूर जाण्याची गरज नाही. 'कोई... मिल गया' ज्या वर्षीचा, त्याच २००३ सालासाठीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, म्हणजे सुवर्णकमळ, 'श्वास' या मराठी चित्रपटास मिळाला. 'श्यामची आई' या चित्रपटानंतर सुमारे पन्नास वर्षांनी मराठीस हा मान लाभला. संदीप सावंत यांच्या या चित्रपटात कोकणातील एका लहान मुलास डोळ्यांचा कर्करोग होतो. जीव वाचवायचा तर शस्त्रक्रिया करावी लागणार आणि दृष्टी कायमची जाणार. येथे कोणताही पाहुणा आकाशातून उतरत नाही. शस्त्रक्रिया लांबते, तेव्हा आजोबा नातवाचा हात धरून त्यास इस्पितळातून बाहेर नेतात आणि दृष्टी आहे तोवर शहरातील जितके दाखविता येईल तितके दाखवितात. अरुण नलावडे यांनी साकारलेले ते आजोबा काही बदलू शकत नाहीत. त्यांना फक्त उजेडाचा एक दिवस नातवास द्यावयाचा आहे. शेवटी मुलगा होडीतून गावाकडे परततो. डोळ्यांपुढे अंधार आहे, पण किनाऱ्यावर त्याची माणसे आहेत.

एका चित्रपटात प्रकाश हे सामर्थ्य आहे. दुसऱ्यात ती भेट आहे. एकात नायकास सर्व काही मिळते, दुसऱ्यात नायकाचे जे होते तेही जाते. आणि तरीसुद्धा प्रेक्षागृहाबाहेर पडताना कोणता मुलगा आपल्यास अधिक श्रीमंत वाटतो, हे ज्याने त्याने स्वतःस विचारावे. 'श्वास' पाहणाऱ्या आईस खोटे आश्वासन मिळत नाही. तिला सोबत मिळते.

न्यायाने एक गोष्ट सांगितली पाहिजे. रोशन यांनी ही कथा पुढे 'क्रिश' (२००६) आणि 'क्रिश ३' (२०१३) या चित्रपटांत वाढविली. त्यांतील हाणामारीविषयी आम्हांस फारसे प्रेम नाही. परंतु 'क्रिश ३'मध्ये म्हातारा झालेला रोहित सूर्यकिरणांनी मृत पेशींत पुन्हा जीव आणणारे उपकरण तयार करतो. प्रयोग फसतो, कारण किरणांची शक्ती झेपेनाशी होते. पुढे मुलगा मृत्यू पावतो तेव्हा हा पिता त्या किरणांच्या मार्गात स्वतःचा देह ठेवतो. अतिरिक्त तेज त्याच्या देहातून गाळले जाते, मुलगा उठतो आणि पिता जातो. दहा वर्षांपूर्वी ज्या प्रकाशाने रोहितने सामने जिंकले, तो प्रकाश येथे प्रथमच त्याच्या हातून दुसऱ्यास दिला जातो. प्रकाश साठविण्यासाठी नसतो, तो आपल्यामधून पुढे जाण्यासाठी असतो, हे त्या मालिकेस उशिरा का होईना उमगले असे म्हणावेसे वाटते.

आता आमच्याविषयी. त्या संगणकशिक्षकाचा आम्हांस राग आला खरा, पण तो राग फार वेळ टिकला नाही. ओटीवर मांडी घालून बसलेल्या त्याच मुलाचे प्रथम कम्युनियन आम्ही दोन वर्षे पुढे ढकलले होते. त्यास प्रार्थना पाठ येत नव्हत्या. 'अजून थोडी तयारी होऊ द्या' असे आम्ही त्याच्या आईस सांगितले होते, आणि तेव्हाही ती 'हो फादर' म्हणाली होती. परीक्षेत उतरल्यावर मान देणारा माणूस केवळ पडद्यावर नसतो. तो प्रवचनपीठावरही उभा असू शकतो. २०१६ च्या कायद्याने आपल्या देशात अपंगत्वाचे एकवीस प्रकार मान्य केले. परंतु आपल्या मंदिरांत अशी मुले अजूनही शेवटच्या बाकावर, दाराजवळ बसविली जातात. मध्येच आवाज केला तर पटकन बाहेर नेता यावे म्हणून. त्या बाकापर्यंत आमची नजर पोहोचावयास एका हिंदी चित्रपटाची गरज लागली, हे कबूल करण्यात कमीपणा मानण्याचे कारण नाही.

त्या दुपारचा शेवट सांगून थांबतो. आई आत गेल्यावर आम्ही त्या मुलाच्या शेजारी बसलो. चित्रपट संपत आला होता. रोहितला शक्ती परत मिळाली तेव्हा तो फारसा हरखला नाही. मघाशी जादू मुलांच्या घोळक्यात बसला होता, तेव्हा मात्र तो मोठ्याने हसला होता. शेवटची नावे पडद्यावर सरकू लागली. तो उठला, दाराशी गेला आणि बाहेर पाहू लागला. आभाळ काळेभोर झाले होते, पागोळ्या गळत होत्या. बराच वेळ तो तसाच उभा राहिला. मग आमच्याकडे वळून त्याने काळजीने विचारले, ''फादर, आज ऊन नाय. जादू काय खाईल?''

आईने विचारले होते, तो आमच्याकडे येईल काय. आम्ही इतकी पाने लिहिली ती तो काय देतो आणि काय देत नाही याविषयी. त्या घरात पाहुण्याच्या भुकेची आठवण फक्त एकाला झाली होती.